सरकारांची सर्दी

ऐन शरदात आमच्या होसाका सरकारांना सर्दी झाली. किल्ल्याच्या दृष्टीने ही बाब गंभीर होती, कारण त्याच दुपारी धूपश्रवणाची बैठक ठरली होती. आम्ही सामुराई धूप हुंगत नाही, ऐकतो. हुंगतात ते व्यापारी.

सरकारांनी धूपपात्र नाकाशी धरलं, बराच वेळ डोळे मिटले आणि म्हणाले, "आज अगरू गप्प आहे."

"अगदी गप्प, सरकार," थोरले कारभारी इवामुरा म्हणाले. पात्र आम्हा सगळ्यांकडून फिरलं. दालनभर घमघमाट सुटला होता, पण कुणालाच काही ऐकू आलं नाही.

मग जळका वास आला, स्वयंपाकघराकडून. त्याला लागूनच माझं घर, त्यामुळे मी चुळबुळू लागलो.

"कुरामोची, तुम्हाला कसला वास येतोय का?" इवामुरांनी हळूच विचारलं.

"सरकारांच्या आधी? माझी काय बिशाद!"

"मग नीट बसा."

इतक्यात ओतामे स्वयंपाकीण धावत आली. "अहो, स्वयंपाकघर पेटलंय! आता कुरामोचींच्या छपराला लागेल. उठा की!"

"बाई, सरकारांना वास आलेला नाही," इवामुरा शांतपणे म्हणाले. "तो तुला आला, असं तुझं म्हणणं आहे का?"

"वास गेला खड्ड्यात! डोळे आहेत ना तुम्हाला?"

आम्ही सरकारांकडे पाहिलं. सरकारांनी अंगणात पाहिलं. धूर दाटून आला होता.

"वा! धुकं काय सुरेख उतरलंय," सरकार म्हणाले.

ताबडतोब शाई आणि कुंचले आले. धुक्यावरच्या कवितांत माझी सरस ठरली. 'धुक्यात हरवले माझे घर' ही तिची शेवटची ओळ. इवामुरांच्या डोळ्यांत पाणी आलं. तसं ते सगळ्यांच्याच डोळ्यांत होतं.

ओतामेने कपाळावर हात मारला आणि बायकांना घेऊन विहीर गाठली. स्वयंपाकघर त्यांनी वाचवलं. माझं घर वाचलं नाही.

धुराने असेल, संध्याकाळी सरकारांचं नाक मोकळं झालं. "काही जळतंय का रे?"

"धन्य, सरकार! आमच्या लक्षातही आलं नव्हतं!"

मला त्याच बैठकीत धुके-अधिकारी नेमण्यात आलं. घराचं फार वाईट वाटतं, खोटं कशाला बोलू? पण पद वंशपरंपरागत आहे.

हसू येतंय? हसा की. फक्त आधी बघून घ्या, तुमचे साहेब हसलेत का.