वामनभाऊंची पाण्याची पेटी

रस्त्यात पाइप पडलेला दिसला की आमचे शेजारी वामनभाऊ सायकल थांबवतात, वाकतात आणि त्यात फुंकर मारतात. कामावरचा माणूस एकदा म्हणाला, "भाऊ, गटाराचा हाय जी तो." भाऊ तोंड पुसत म्हणाले, "असू दे. सूर साफ हाय."

चंद्रपुरातल्या तंत्रनिकेतनात त्यांनी जन्मभर पंप शिकवले. घरी मात्र एकच वाचन: ग्रीक लोक दोन हजार वर्षांपूर्वी पाण्याची पेटी कशी वाजवत. पाण्यानं हवा दाबून धरली की सूर डगमगत नाही, हे त्यांनी माझ्या पहिल्याच हळदीकुंकवात घुसून सांगितलं. मी तेव्हा नवी सून, हार्मोनियमच्या दोन परीक्षा पास. आपल्यापुढे संगीत संपतं अशी समजूत. नाक उडवून म्हटलं, "उद्या चुलीवर तबला वाजवाल."

त्यांनी गंभीरपणे विचारलं, "किती आचेवर?"

त्यांची बायको सुमनबाई वडशाच्या नाटक मंडळीत गायची. धान निघालं की गावोगावी प्रयोग. अलीकडे तिचे कान गेले. कानातल्या यंत्रात नुसती घरघर. "पेटीच ऐकू येत नाई, तर गाऊ कशावर?" म्हणून तिनं गाणं सोडलं.

तेव्हा भाऊंनी पुस्तक मिटलं आणि अंगणात टाकी मांडली. ग्रीकांची पेटी फार दूरवर ऐकू जायची म्हणे. मग बायकोपर्यंत का नाही जाणार? हवा कोंडायला माझा पाणी भरायचा पितळी गुंड त्या टाकीत उपडा गेला, तो गेलाच. मापं सगळी पुस्तकातली. मी एक नळी जरा सरकवली तर म्हणाले, "वहिनी, हात नका लावू. इतकी वर्षं टिकलेलं माप हाय ते."

परवा पेटी तयार झाली. भाता मारायला मी. दोन परीक्षा शेवटी कामी आल्या. षड्जाची नळी अशी गर्जली की गल्लीतली कुत्री पळाली. सुमनबाई भाजी निवडत होती. तिनं मान वर केली. उठून टाकीवर तळवा ठेवला, डोळे मिटले आणि नाटकातलं जुनं पद सुरू केलं.

आवाज वयानं उतरलेला. पेटीचा सूर वर, बाईचा खाली. मी ते सांगायला तोंड उघडलं, तर भाऊंनी डोळ्यांनीच गप्प केलं. भिंतीवरच्या कॅलेंडरचं पान फाडून त्यांनी नळीच्या तोंडाशी गुंडाळलं आणि ते हळूहळू वर सरकवत नळी लांब करत गेले. पेटीचा सूर उतरत उतरत बाईच्या सुराला येऊन टेकला.

पद संपलं. बाईनं डोळे उघडले.

"पाह्यलं?" ती म्हणाली. "माही पट्टी अजून तीच हाय."

भाऊंनी हातानं कागद झाकला आणि मान डोलावली.