भूशिराचं बारसं

अमेरिकेत पिस्कॅटवेच्या विद्यापीठात संशोधन करणाऱ्या हिमानीला उपग्रहाच्या छायाचित्रांत अंटार्क्टिकाच्या किनाऱ्यावर एक अज्ञात भूशिर सापडलं. शोधणाऱ्यानं नाव सुचवायचं, कुणी हरकत घेतली नाही तर ते नकाशावर चढायचं, असा साधा नियम होता. नावही ठरलेलं होतं: सुनेत्रा. नागपूरच्या शाळेत खडूनं एका दमात अख्खं अंटार्क्टिका काढणाऱ्या तिच्या भूगोलाच्या बाई. बर्फ मात्र त्यांनी फ्रीजबाहेर कधी पाहिला नव्हता.

हिमानीकडून एकच चूक झाली. आनंदाच्या भरात तिनं ही बातमी मराठी मंडळाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकली.

"अगं, बारशाशिवाय नाव?" मंडळाचे अध्यक्ष पुरुषोत्तमकाका फोनवर कडाडले. "आपण काय पेंग्विन आहोत?"

हॉल बुक झाला. पाळण्यात भूशिराचा फोटो निजवला. डोकं उत्तरेकडे नको, असा संध्याकाकूंचा आग्रह. पण दक्षिण ध्रुवावरून कुठंही पाहा, उत्तरच. पाळणा बराच वेळ गोल फिरत राहिला.

मग प्रश्न आला आत्याचा. आई हिमानी, हे निर्विवाद. "वडील म्हणजे तुझे गाइड," काकांनी निकाल दिला. "त्यांना बहीण आहे?"

होती. ओहायोत. डेबीआत्या विमानानं आल्या आणि नऊवारीत उभ्या राहिल्या.

काकांना स्वतःच्या वडिलांचं नाव हवं होतं. काकूंनी हरकत घेतली. काकांनी हरकतीला हरकत घेतली.

"काका, नाव फायनल आहे. सुनेत्रा."

"तू आई ना? मग गप्प बस. बारशात आईला कोण विचारतं?"

"सो, व्हेन डू वी ईट?" बटाटेवड्यांच्या वासानं कासावीस झालेल्या डेबीआत्यांनी विचारलं. नावाशिवाय वडे नाहीत हे कळलं, तेव्हा त्यांनी फोटोच्या कानात कुर्र केलं आणि सुचलं ते नाव सांगून टाकलं: डेबी. टाळ्या पडल्या. मग निम्म्या मंडळानं हरकत घेतली आणि निम्म्यानं नवं मंडळ काढलं.

हरकती निकाली निघेपर्यंत तिकडचा उन्हाळा आला. नव्या छायाचित्रात भूशिर जागेवर नव्हतं. तो किनाऱ्याशी अडकलेला हिमनग होता. सुटून समुद्रात निघून गेला.

"अरेरे! तेराव्याची समिती नेमतो," काका गहिवरले. "पण संकल्पात नाव कोणतं घ्यायचं?"

भांडण पुन्हा जुंपलं. तेवढ्यात हिमानीला दिसलं, हिमनग सरकल्यावर मागे काळ्या खडकाचं, छोटंसं, खरंखुरं भूशिर उघडं पडलंय. तिनं गुपचूप सुनेत्रा हेच नाव पाठवून दिलं. हरकतीची मुदत अजून चालू आहे. ही गोष्ट फक्त तिला ठाऊक आहे, आणि आता तुम्हाला.

तेव्हा तुमच्या मनात जे दुसरं नाव आलंय ना, तुमच्या आजोबांचं, ते मनातच राहू द्या. आणि तो फोन खाली ठेवा.