पहिल्या रिमोटचा मान

भाऊबीजेला बहिणीला काय द्यायचं, हा विषय अमरावतीच्या गोपालराव भुयारांच्या घरी दरवर्षी चर्चेविना मंजूर होत असे. साडी. रंग त्यांच्या बायकोनं, जमुनाबाईंनी निवडायचा, पिशवी गोपालरावांनी धरायची आणि अकोल्याहून आलेल्या आरतीनं घडी न मोडता 'छान हाय' म्हणायचं, अशी कामाची वाटणी ठरलेली होती. कोणाची कधी तक्रार नव्हती. यंदा मात्र दसरा होतो न होतो तोच आरतीचा अकोल्याच्या जठारपेठेतून फोन आला आणि तिनं या सुरळीत चाललेल्या व्यवहारावर हरकत घेतली.

"दादा, यंदा साडी नोको मले. आपला तो रणगाड्याचा गेम लाव. अन् पहिला रिमोट मले दे. मले एकदा माह्या हातानं सुरू कराचा हाय."

ज्यांचं बालपण मोबाइलवर गेलं त्यांच्या माहितीसाठी सांगणं भाग आहे. भातकुलीच्या, म्हणजे गावाकडच्या घरी या भावंडांकडे टीव्हीला जोडायचा एक व्हिडिओ गेम होता. त्यात पिवळी कॅसेट घालायची. त्याला दोन रिमोट होते. दिसायला दोन्ही सारखे, पण खेळ सुरू करायचं बटण तेवढं पहिल्याला होतं, दुसऱ्याला नव्हतंच. पहिला रिमोट गोपालकडे असे, कारण गोपाल मोठा होता. तो पुढेही मोठाच राहिल्यामुळे या व्यवस्थेत बदल करण्याचा प्रसंग आला नाही. आरतीनं बिचारीनं सगळं लहानपण 'दादा, कर ना सुरू' म्हणण्यात काढलं. मग यंत्र बिघडलं, ती लग्न होऊन अकोल्याला गेली आणि प्रकरण आपोआप निकाली निघालं, असा सगळ्यांचा समज झाला होता.

फोन ठेवला तेव्हा गोपालरावांचे डोळे भरून आले. बहिणीवर त्यांचा जीव होता, ही गोष्ट खोटी नाही. एवढ्याशा मागणीसाठी पोरगी इतकी वर्षं थांबली, म्हणून त्यांना गलबलून आलं. या भाऊबीजेला पहिला रिमोट आरतीच्याच हातात द्यायचा, हा निर्णय त्यांनी तिथल्या तिथं घेतला. आता फक्त अंमलबजावणी राहिली होती, आणि गोपालराव ज्या कार्यालयात वरिष्ठ पदावर होते तिथं अंमलबजावणी हा फार जपून हाताळायचा प्रकार होता. दुसऱ्यांच्या प्रकरणात त्रुटी काढण्यात त्यांचा हात धरणारा सगळ्या इमारतीत कोणी नव्हता.

चौकशीअंती कळलं की आता जुन्या यंत्राची गरज नाही. इम्युलेटर नावाचा एक प्रोग्राम मिळतो. तो चांगल्या धडधाकट कॉम्प्युटरला, तू तीस वर्षांपूर्वीचा व्हिडिओ गेम आहेस, असं पटवून देतो. मग कॉम्प्युटरही येत असलेलं सगळं विसरून त्या बेतानं वागू लागतो. गोपालरावांना ही कल्पना समजायला अजिबात जड गेली नाही. त्यांच्या शेजारच्या टेबलावर हा प्रयोग नोकरी लागल्यापासून चालू होता.

जमुनाबाई म्हणाल्या, की वरच्या मजल्यावरचे इंजिनीअर चहा होईपर्यंत हे लावून देतात, त्यांनी स्वतःच्या घरी लावलं आहे. गोपालरावांनी बायकोकडे कीव आल्यासारखं पाहिलं. चहा होईपर्यंत जे काम होतं त्यात काहीतरी राहूनच गेलेलं असतं, हा त्यांचा अनुभव होता.

पहिली अडचण कायद्याची निघाली. गेमची नक्कल वापरायची तर मूळ वस्तू आपल्या मालकीची असावी, असं त्यांच्या कुठंतरी वाचनात आलं. दुसरा कोणी असता तर डोळे झाकून पुढं गेला असता. गोपालराव भातकुलीला गेले, पेटी उपसून पिवळी कॅसेट काढली आणि तिची दोन्ही बाजूंनी झेरॉक्स काढून आणली. त्यावर 'सत्यप्रत' असं लिहून स्वतःच सही केली. हा कागद सादर कुठं करायचा ते जगातल्या कोणत्याही वेबसाइटवर दिलेलं नव्हतं. म्हणून तो कॉम्प्युटरच्या वर भिंतीला चिकटवण्यात आला, म्हणजे कॉम्प्युटरला पाहिजे तेव्हा पाहता येईल.

मग पेनड्राइव्हमधली गेमची फाइल उघडेना. गोपालरावांनी पेनड्राइव्ह उपसला, त्याच्या तोंडात जोरात फुंकर मारली आणि परत खुपसला. फाइल उघडली. लहानपणी कॅसेटला हाच इलाज होता. संगणकशास्त्राबद्दल त्यांच्या मनात थोडाबहुत जो आदर उरला होता तो त्या दिवशी संपला.

गेम लागला, पण पडद्यावर चित्र फार स्वच्छ दिसत होतं. रणगाडा रणगाड्यासारखा, वीट विटेसारखी. एखादी गोष्ट इतकी स्पष्ट दिसणं गोपालरावांना पटण्यासारखं नव्हतं. त्यांनी सेटिंगमध्ये शिरून चित्रावर आडव्या रेघा आणल्या, कडा वाकवल्या, रंग विटवले, आणि डोळे बारीक केल्याशिवाय काही कळणार नाही अशी खात्री झाल्यावरच हात थांबवला. पुढं असं लक्षात आलं की गेमची धूनही जरा घाईत वाजते. आपल्या जुन्या टीव्हीवर हे सगळं सावकाश चालायचं. मग वेग कमी केला. आता कॉम्प्युटर भातकुलीच्या टीव्हीइतका रेंगाळू लागला आणि गोपालरावांना समाधान वाटलं.

खरी त्रुटी मात्र रिमोटांत निघाली. बाजारातून आणलेल्या नव्या जोडीत सुरू करायचं बटण दोन्हींना होतं. मूळ संचात दुसऱ्याला ते नव्हतं. गोपालराव एक दिवस अस्वस्थ राहिले आणि मग सेटिंगमध्ये जाऊन त्यांनी दुसऱ्या रिमोटचं ते बटण बंद करून टाकलं.

शेव गाळता गाळता जमुनाबाईंनी विचारलं, "आता दोघाईले हाय त राहू द्या ना. बंद काहून केलं?"

"जसं होतं तसंच पायजे," गोपालराव म्हणाले. "आपल्या मनानं बदल कराले आपण कोण?"

यानंतर चाचणीचा टप्पा आला. बहिणीच्या हाती वस्तू द्यायची तर ती तपासलेली पाहिजे. तपासणी पहिल्या रिमोटचीच करायची होती, कारण द्यायचा तोच होता. त्यामुळे गोपालराव ऑफिसातून आले की हातपाय धुऊन पहिला रिमोट तपासत बसू लागले. दुसरा एकदा जमुनाबाईंनी उचलला, तेव्हा त्यांना कळवण्यात आलं की चाचणीच्या काळात इतरांनी हात लावला तर निष्कर्ष बिघडतात. त्या शेव गाळायला गेल्या. गोपालराव दर वेळी आणखी पुढची लेवल तपासत राहिले आणि मनातून सारखं म्हणत राहिले, की हे आपण आरतीसाठी करून राहिलो.

चाचणीला वेळ कमी पडू लागला म्हणून त्यांनी रजेचा अर्ज टाकला. कारणाच्या रकान्यात खोटं लिहायची त्यांना सवय होती, पण विषय बहिणीचा असल्यामुळे यंदा त्यांनी खरं लिहिलं. साहेबांनी ताबडतोब आत बोलावलं. गोपालराव अर्जाची प्रत घेऊन आत गेले. साहेबांनी दार लावून घेतलं आणि हलक्या आवाजात विचारलं, की हा तोच गेम का, ज्यात कोपऱ्यात झाडी असते आणि रणगाडा तिच्याखाली लपतो? साहेबही कधीकाळी लहान होते, ही बातमी कार्यालयात पहिल्यांदाच उघड होत होती. भाऊबीजेला सुट्टी आहे, फराळाला येतो, असं साहेबांनी परस्पर ठरवून टाकलं. बोलावणाऱ्याला काही करावंच लागलं नाही.

साहेब येणार हे भातकुलीला कळलं आणि खुशालराव काका रुसले. काका घराण्यातले वडीलधारे, माजी सरपंच. साध्या बोअरच्या मोटारीचं बटणही त्या गावात त्यांच्याशिवाय कोणी पहिल्यांदा दाबलेलं नव्हतं. घरात नवीन वस्तू सुरू होते आणि काकाले आमंत्रण नाही, मंग आमी मेलो असं समजा, असा निरोप आला. गोपालराव स्वतः जाऊन त्यांना निमंत्रण देऊन आले. पहिला रिमोट आरतीचाच, हा निर्णय कायम होता. फक्त त्याआधी उद्घाटन तेवढं करायचं होतं.

भाऊबीज उजाडली. आरती आली ती उंबऱ्यातूनच कॉम्प्युटरकडे पाहत आली. एवढी मोठी बाई, घरी शिकणारी पोरं, पण तिच्या तोंडावरचा आनंद काही लपत नव्हता. पाणीसुद्धा न पिता ती खुर्चीशी गेली. गोपालरावांनी तिला मायेनं अडवलं आणि म्हणाले, थांब जरा, काका येऊ दे.

काका आले. नारळ फुटला, कॉम्प्युटरला हार पडला, हळदकुंकवाचं बोट पडद्याला लागलं. काकांनी पहिला रिमोट घेतला, सुरू करायचं बटण दाबलं आणि भाषण केलं. भाषण चालू असताना शत्रूनं त्यांचे सगळे रणगाडे मारले. काकांना ते कळलं नाही आणि सांगायची कोणाची छाती झाली नाही. मग साहेब आले. साहेबांच्या हातात दुसरा रिमोट देणं म्हणजे स्वतःच्या बदलीचा अर्ज करण्यासारखं होतं. साहेबांनी पहिला घेतला, आणि ते झाडीत जे लपले ते करंजीचं दुसरं ताट येईपर्यंत बाहेर आले नाहीत. गोपालराव दुसऱ्या रिमोटनं साहेबांचं रक्षण करत होते. आरती जमुनाबाईंबरोबर ताटं भरत होती आणि दर फेरीला दारात थांबून पाहत होती. दर वेळी गोपालराव मान न वळवता तिला हातानं थांबायची खूण करत होते.

दुपार कलताना साहेब उठले. पहिला रिमोट मोकळा झाला. आरतीनं हात पुसले आणि पुढं आली. तेवढ्यात खुशालराव काका खाकरले.

"अरे, जावईबापू कवाचे बसून हायेत. त्याईले इचारलं काय कोणी?"

सगळ्यांच्या माना एकदम वळल्या. देवमनराव, म्हणजे आरतीचा नवरा, कोपऱ्यात मोबाइल पाहत बसले होते. माणूस साधा, जठारपेठेत हार्डवेअरचं दुकान. त्यांना गेममध्ये काडीचा रस नव्हता आणि तसं ते दोनदा म्हणालेही. पण जावयाचा मान ही जावयाच्या आवडीनिवडीवर सोडायची गोष्ट नसते. गोपालरावांनी आरतीकडे पाहिलं. त्यांना खरंच वाईट वाटलं. मग त्यांनी पहिला रिमोट दोन्ही हातांनी देवमनरावांना दिला आणि बहिणीला म्हणाले, "आरते, ये बस. दुसरा मोकळाच हाय."

आरती बसली. देवमनरावांनी बटण दाबलं आणि यातला मी कोणता, असं विचारलं. ते कळायच्या आत त्यांचा रणगाडा भिंतीत तोंड खुपसून उभा राहिला. आरतीचा मात्र झरझर निघाला. इतक्या वर्षांनी हात कसा बसला आहे हे पाहून गोपालराव कौतुकानं पुढं सरकले.

या खेळात पडद्याच्या तळाशी, मधोमध, विटांच्या आड आपला एक पक्षी बसलेला असतो. त्याला सांभाळायचं. शत्रूचा गोळा त्याला लागला की खेळ खलास. पण गोळा कोणाचा ही चौकशी खेळ करत नाही. आपल्याच माणसाचा लागला तरी खलासच.

आरतीनं शत्रूकडं पाठ केली. रणगाडा सावकाश खाली आणला, आपल्याच विटा एकेक करून फोडल्या आणि पक्ष्यावर गोळा टाकला. धून थांबली. गोपालराव म्हणाले, चुकून झालं असंल. देवमनरावांनी पुन्हा सुरू केलं. आरतीनं पुन्हा तेच केलं. काका म्हणाले, बाईमाणसाले जमत नाई, सोडा. तिसऱ्यांदा सुरू केलं आणि तिसऱ्यांदाही पक्षी गेला. मग तिनं रिमोट भावाच्या मांडीवर ठेवला.

"याले सुरू कराचं बटन नाई, दादा. पण बंद कराले हा पुरते."

तिनं निरांजन लावलं, भावाला ओवाळलं, त्याच्या कपाळावर अक्षता टाकल्या. ओवाळताना तिचे डोळे भरले होते आणि गोपालरावांना वाटलं, लेक माहेराहून निघाली म्हणून. पर्यायी व्यवस्था म्हणून साडी आणून ठेवलेलीच होती. ती आरतीनं वहिनीच्या हातात परत दिली आणि गाडीत जाऊन बसली.

या प्रकाराची गोपालरावांनी रीतसर चौकशी केली. कॉम्प्युटर तपासला, वेग तपासला, भिंतीवरची सत्यप्रत तपासली. निष्कर्ष असा निघाला की दुसऱ्या रिमोटमध्ये गंभीर स्वरूपाची तांत्रिक त्रुटी असून त्याचा गोळा आपल्याच माणसांवर पडतो. सबब तो काढून घ्यावा आणि पुढच्या भाऊबीजेला बहिणीस पूर्ववत साडी देण्यात यावी. खुशालराव काकांनी यास अनुमोदन दिलं. साहेबांनी तोंडी मान्यता दिली. जावईबापूंना विचारण्यात आलं नाही, कारण त्यांची ना नसणारच.

निष्कर्ष अंतिम करण्यापूर्वी हरकती मागवण्याचा नियम आहे आणि गोपालराव नियमाबाहेर जात नाहीत. म्हणून, वाचकहो, हे प्रकरण आपल्यापुढे ठेवलं आहे. हरकत घरातल्या बाईनं स्वतः घ्यायची आहे, फक्त तिच्यावर घरातल्या कर्त्या पुरुषाची सही पाहिजे. आपल्या घरून अद्याप एकही हरकत आलेली नाही. तेव्हा आपल्याकडे सगळं समाधानानं चाललं आहे, असं गृहीत धरण्यात येत आहे.