सोपानतात्यांचा नकार

चिन्मय, सई, तुम्ही पाठवलेली थुंकी गोळा करायची नळी मिळाली. तिच्यातून आपले पूर्वज कुठले ते कळतं म्हणे. मी ती भरणार नाही. का, ते नीट लिहिते. म्हणजे फोनवर ‘आजी घाबरली’ म्हणून हसणार नाही.

नव्वदच्या दशकात आजोबांच्या नोकरीमुळे आम्ही अंथुर्ण्याला राहत होतो. मी शाळेत इंग्रजी शिकवायची. शेजारी सोपानतात्या. थोडी मेंढरं, थोडी शेती आणि विचारल्याशिवाय कशालाही हात न लावण्याचं वेड. शेळीचं दूध काढण्याआधी तिला विचारायचे, “बाय, घेऊ का?” तिनं लाथ झाडली की त्या दिवशी घरात कोरा चहा. एसटीच्या दारात उभं राहून “चढू का?” म्हणायचे, उत्तर येईपर्यंत गाडी इंदापूरच्या वाटेला लागलेली. कुणी हसलं तर म्हणत, “इचारलं तर त्वांड झिजतं व्हय?”

एकदा गावातलं किराणा दुकान फुटलं. चोराला काच लागली होती, फरशीवर रक्त होतं. तात्यांच्या हाताला चिंधी होती; लोकर कातरताना कातर लागलेली. तेवढं पुरलं.

फौजदार चांगला शिकलेला. चावडीत सगळ्यांसमोर म्हणाला, “तात्या, तपासणीला रक्त देता ना?”

“न्हाय.”

“आरं, शेळी बी एवढी आडत न्हाय!” कुणीतरी ओरडलं. गाव हसलं.

“द्यायचंच हाय, तर इचारलं कशाला?” तात्या म्हणाले.

“विचारायची पद्धत असते, म्हाताऱ्या. नाही म्हणायची नसते.”

जीपमध्ये घालून इंदापूरला नेलं. शिपायांनी दाबून धरलं आणि रक्त काढलं. निर्दोष माणसाला भ्यायचं काय कारण, असं आमच्या शाळेतले शिक्षकही चहा पिता पिता म्हणत होते. अहवाल आला. दुकानातलं रक्त तात्यांचं नव्हतं. हे सांगायला मात्र जीप आली नाही. एक शिपाई पानटपरीवर बोलून गेला, तेव्हा गावाला कळलं.

त्या संध्याकाळी तात्या आमच्या दाराशी आले. “बाई, येऊ का?” आत येऊन म्हणाले, “रगतात समदं उतरतं म्हनं. लेकरू कुनाचं, ते बी?”

मी त्यांना बसायला पाट दिला.

“शेवंता माझ्या रगताची न्हाय. तिची आई लग्नाआधीच पोटुशी हुती. ठावं आसून म्या लगीन केलं. आता पोरीचं वडगावला जमलंय. फौजदारानं चावडीत वाचून दावलं आसतं तर?”

“तात्या, त्यांनी फक्त दुकानातलं रक्त ताडून पाहिलं. शेवंताचा त्यात काही संबंध नाही.”

“मंजी कुनालाच कळलं न्हाय?”

“कुणालाच नाही.”

दंडावरचे वळ चोळत तात्या हसले.

पुढच्याच आठवड्यात वडगाव निंबाळकरहून निरोप आला. ज्या दारात पोलिसांची जीप येते, तिथली मुलगी नको.

तात्या गेले त्याला बरीच वर्षं झाली. मागच्या महिन्यात शेवंताशी बोलले. तात्यांना ती आबा म्हणायची. तिच्याच परवानगीनं हे लिहितेय. ती म्हणाली, “आईनं मरायच्या आधी सांगितलं हुतं मला. पर मला ठावं हाय, हे आबास्नी कळलं आसतं, तर माझ्याफुडं मान वर केली नसती त्यांनी. म्हून गप ऱ्हायले.”

तिनं पुढं लग्न केलं नाही. ती अंथुर्ण्यातच आहे, मेंढरं राखते. रेशनकार्डावर तिच्या नावापुढे सोपान असं आहे.