बापूसाहेबांचा गाडा दरीत!

"दगडाला माईक दिला तर त्यो बोलंल का? न्हाई! पन माईक माझ्या हातात द्या, दगडाच्या वतीनं मी बोलतो!" सर्जेराव छातीठोकपणे सांगून मोकळा झाला. फुशारकीला काय, जीएसटी थोडाच लागतो!

निमोण्याचा सर्जेराव म्हणजे बैलगाडा शर्यतींचा माईकवाला. त्याच्यासारखी बारी, म्हणजे गाड्याची एकेक धाव, रंगवणारा पंचक्रोशीत दुसरा नाही, असं खुद्द त्याचंच मत. पण यंदा यात्रेचा माईक दौंडच्या एका नव्या पोराला द्यायची कुजबुज सुरू झाली होती. माईक कुणाला द्यायचा ते ठरवणार यात्रा कमिटीचे अध्यक्ष बापूसाहेब. माईक गेला तर सर्जेरावाला गावात विचारणार कोण? त्याची झोपच उडाली होती.

अशात शिरूरच्या चर्चच्या वार्षिक कार्यक्रमात तिथल्या शाळेतल्या एबनेझर सरांनी जुना अमेरिकन मूकपट दाखवायचं ठरवलं. काऊबॉय, घोडे, धूळ, सगळं होतं. आवाज तेवढा नव्हता! आणि प्रमुख पाहुणे कोण? बापूसाहेब! हे कानावर पडताच सर्जेराव सरांच्या दारात हजर.

"सर, शिनेमा मी बोलतो की!"

"अहो, पण आधी एकदा बघून तरी घ्या."

"बारी आधी बघून कोन बोलतं व्हय?"

हॉल भरला, पडदे ओढले, सिनेमा सुरू झाला. पडद्यावर एक टोपीवाला आणि घोळदार झग्यातली बाई. सर्जेरावानं गळा काढला, "बहीन म्हनती, दादा, नगं जाऊ रं रानात!"

तेवढ्यात दादानं बहिणीला मिठीत ओढून तिचं चुंबन घेतलं! पुढच्या बाकावरच्या प्रेमाबाईंनी डोळ्यांवर पदर ओढला.

"आतेभाऊ हाय! आतेभाऊ!" सर्जेराव किंचाळला. हॉल हसून लोटपोट झाला. बापूसाहेब मात्र हसले नाहीत.

मग एका चोरानं बग्गीतली पेटी पळवली आणि घोडीवर टांग टाकली. मागोमाग चार घोड्यांची बग्गी सुटली. पुढं घोडी, मागं गाडा! अहो, आमच्याकडच्या शर्यतीतही गाड्याच्या बैलांपुढं घोडीच पळते, मग वेगळं काय? सर्जेरावाच्या अंगात वारं शिरलं.

"आन् सुटला! निमोण्याचे बापूसाहेब यांचा गाडा सुटला! भिर्रर्र! काय ती घोडी, काय तो गाडा!"

बापूसाहेब खुर्चीत ताठ झाले. मिशीवर हात गेला. कार्यकर्ते बाकांवर चढले, शिट्ट्या सुरू झाल्या, कुणीतरी खिशातला भंडारा उधळला. यात्रेचा माईक आता आपलाच, अशी सर्जेरावाची खात्री पटली. आणि नेमकी तेव्हाच पडद्यावर दरी आली! घोडी उडी मारून पार गेली. गाडा गेला खाली!

मागच्या बाकावर पंचायतीच्या निवडणुकीतले बापूसाहेबांचे विरोधक इंद्रजीतराव बसले होते. ते टाळ्या पिटत उठले, "गाडा दरीत! पॅनेलबी दरीत!"

"ही बारी धरायची न्हाई!" बापूसाहेब गरजले. "घोडी आडवी आली. परत लावा!"

सरांनी परत लावलं. सर्जेराव सावध झाला होता. दरी दिसताच तो ओरडला, "आन् हा आला इंद्रजीतरावांचा गाडा!"

"दरी आली तवा आमचा व्हय रं?" इंद्रजीतराव बाही सरसावून पुढं आले. सगळा हॉल उभा राहिला.

"परत लावा!" बापूसाहेब.

तिसऱ्यांदा गाडा सुटला. आता हॉलमध्ये मारामारी होणार, म्हणून घाबरलेल्या सरांनी दरीच्या अलीकडंच लॅपटॉपचं बटण दाबलं. गाडा काठावर जागच्या जागी थांबला. एकच जल्लोष झाला!

बापूसाहेब उठले. सर्जेरावानं केस सारखे केले आणि हार घालून घ्यायला मान पुढं केली.

"माईकवाला कसा पायजे?" बापूसाहेब म्हणाले. "गाडा कुठं थांबवायचा ते कळनारा! यंदाचा यात्रेचा माईक एबनेझर सरांना!"

सर पांढरेफटक पडले. हात जोडून काहीतरी पुटपुटले, पण ते शेजारच्यालाही ऐकू गेलं नाही. मागून लोक विचारू लागले, "कोनाला दिला? कोनाला?"

बापूसाहेबांनी सर्जेरावाकडं पाहिलं. "बघतो काय? सांग की माईकवर!"

सर्जेरावानं माईक तोंडाशी धरला. डोळे मिटले. आणि काय सांगू, आयुष्यात लागला नव्हता असा त्याचा आवाज लागला, "यंदाच्या शर्यतीचे निवेदक, आपल्या सर्वांचे लाडके, एबनेझर सऽऽर! जोरदार टाळ्या!"

चर्चच्या फाटकाबाहेरच्या रिक्षावाल्यांनीसुद्धा टाळ्या वाजवल्या.