भुजंगकाका आणि देवळातला पंखा

समस्त वाचकांनी कृपया सावरून बसावे, विषय गंभीर आहे. आमच्या वालुरात रिकाम्या खोलीत फिरणारा पंखा हा गुन्हा मानला जातो. तपास, खटला आणि शिक्षा या तिन्ही खात्यांचे प्रमुख एकच: माझे शेजारी भुजंगकाका.

ते कुणाच्याही घरात शिरतात, मान वर करतात आणि गरजतात, "कुणाला वारा घालायलाय ह्यो? भिताडाला?" खट्ट! बटन बंद. मग चहा.

जुन्या रेग्युलेटरवर तर त्यांचा खास राग. "हात लाव ह्याला. तापलाय का न्हाई? तू वारा कमी केलास, वीज इथं जळायली!"

माझी बायको एकदा वैतागून म्हणाली, "काका, मे महिना हाय!"

"सूनबाई, पंखा सोड म्हणलो का मी? कमी विजेचा घे म्हणलो."

माझ्या पुतणीसाठी पालमला स्थळ बघायला गेलो. मंडळी मुलाची नोकरी विचारत होती, शेती विचारत होती. काका छताकडे बघत बसले आणि बाहेर येऊन निकाल दिला, "पोरगं गुणाचं हाय. पंखे लय जुने हायत." सोयरीक जमली. काकांनी आहेरात काय दिलं, ते सांगायला नकोच.

त्यांच्या या धोशापुढे अखेर गाव नमलं. महादेवाच्या सभामंडपातला जुना पंखा काढून कमी विजेचा बसवायचं ठरलं. काकांचा केवढा विजय! मी त्यांना हाताला धरूनच नेलं. पण वायरमन दत्तूने शिडी लावली, तसे काका ती धरून आडवे उभे राहिले.

"ह्याला हात लावायचा न्हाई."

"अहो काका, लय वीज खातो ह्यो. तुमीच सांगताव की!" दत्तू म्हणाला.

"खाऊ द्या."

दत्तूने बटन बंद केलं. पाती रेंगाळत थांबली आणि त्यांच्यावरची लाल अक्षरं दिसू लागली: 'सौ. रुक्मिणबाई भुजंगराव यांजकडून.' भजनाला बसणाऱ्या बायांना उकडतं म्हणून काकूंनी कापूस वेचायला जाऊन हा पंखा देवळाला दिला होता. गेल्या दिवाळीआधी काकू वारल्या.

दत्तू हळू आवाजात म्हणाला, "काका, नव्या पंख्यावर घालू की काकूचं नाव. ह्याच्यापेक्षा झकास रंगवून देतो."

काकांची नजर पात्यावरून हलली नाही.

"नव्यावर कैलासवासी लिहिताल रे तुमी!"