वीरण्णांचे नऊ टँकर

सिंधु सोनकांबळे सकाळी वॉर्डात शिरली तेव्हा चौदा नंबरची खाट रिकामी होती आणि वॉर्डबॉय रामकिशन हातात दोरी घेऊन त्या खाटेखाली वाकून बघत होते.

"काय शोधायलाव, रामकिशनभाऊ?"

"वीरण्णाला." रामकिशन कमरेवर हात ठेवून उठले. त्यांची पन्नाशी उलटली होती, पण कागदोपत्री ते अजून बॉयच होते. "घोटभर च्या पिऊन आलो, तर मानूस गायब."

"एवढा उंचापुरा माणूस खाटेखाली मावल का? आन् दोरी कशाला?"

"सायबानं जवळ ठेवायला सांगितलीय. चार दिस झाले, घरी जेवताना बी खांद्यावर असती."

सिंधुने व्हरांड्याकडे नजर टाकली. वीरण्णा शेटकार हा तिच्या जबाबदारीवरचा पेशंट होता, आणि ती जबाबदारी तिने स्वतःहून मागून घेतली होती.

लातूर जिल्हा होऊन तेव्हा चार वर्षं झाली होती. गावात कचेऱ्या वाढल्या, साहेब वाढले, जीपगाड्या वाढल्या, आणि औसा रोडवरच्या या साठ खाटांच्या दवाखान्यात पेशंटही वाढले. वाढलं नाही ते फक्त पाणी. लागोपाठ दोन पावसाळे कोरडे गेले होते. नळाला आठवड्यातून तासभर पाणी यायचं, तेही खोकत खोकत. टँकर तीन दिवसांआड येई, आणि कधी कधी तो चौथा दिवसही उजाडू देई.

अशा दिवसांत उदगीरच्या जगदेवीबाई आपल्या भावाला रिक्षातून घेऊन आल्या. भाऊ लातूरच्या गंजात, म्हणजे धान्याच्या बाजारात, भुसार लाइनमधला आडत्या. दहा दिवस डोळ्याला डोळा लागलेला नाही, बोलणं थांबत नाही, आणि दुकानातली तूरडाळ रस्त्याने जाणाऱ्याच्या पदरात ओतणं चाललेलं. डॉक्टर कदमांनी पहिल्याच मिनिटाला निकाल दिला. "बांधा. त्यालाही इजा नको आणि आपल्यालाही."

डॉक्टर शेषेराव कदम माणूस वाईट नव्हता. हाडं जोडण्यात त्यांचा हात धरणारं कुणी नव्हतं, पण न मोडता बिघडलेल्या माणसाची त्यांना भीती वाटे. सिंधुने नर्सिंग शिकताना तीन महिने मनोरुग्णालयात काढले होते. ती पुढे झाली आणि म्हणाली, "साहेब, मला सात दिवस द्या. न बांधता सांभाळते."

"सात दिवसांत एक जरी भानगड झाली, तर बांधून गाडीत घालून मनोरुग्णालयात रवाना. आणि वर लेखी उत्तर तू द्यायचं."

"चालेल, साहेब."

मग ती कामाला लागली. वीरण्णांच्या समोर कधी उभी राहिली नाही, बाजूला स्टूल घेऊन बसली. बोलली ते थोडं आणि हळू. एका जागी बसून जेवायला त्यांना उसंत नव्हती, म्हणून भाकरीला शेंगदाण्याची चटणी लावून तिची सुरळी करून हातात दिली. व्हरांड्यात येरझाऱ्या घालता घालता वीरण्णा दोन भाकरी संपवायचे. "अक्का, म्या गंजात सोन्याचा रस्ता करनार हाय," असं ते म्हणाले, तेव्हा तिने हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. "सोन्याचं मला ठाव न्हाई, अण्णा. भाकर मातर गरम हाय," एवढंच म्हणाली. तिचा एकच नियम होता, पेशंटशी खोटं बोलायचं नाही. आजारी माणसाला बाकी काही कळो न कळो, खोटं बरोबर कळतं, असं तिचं मत होतं.

आणि सगळा घोळ याच नियमाने झाला.

सोलापूरहून दर गुरुवारी येणाऱ्या मनोविकाराच्या डॉक्टरांनी वीरण्णांना गोळ्या लिहून दिल्या होत्या आणि कागदावर 'पाणी भरपूर' या शब्दांखाली दोन रेघा ओढल्या होत्या. ही गोळी चालू असताना पोटात पाणी कमी पडलं, तर औषधच अंगावर उलटतं. आदल्या संध्याकाळी गोळीबरोबर वीरण्णांनी दुसरा पेला मागितला, आणि माठात पाणी नव्हतं.

"कामून न्हाई?" वीरण्णांनी विचारलं.

"टँकर आला न्हाई, अण्णा. सकाळपातुर एवढंच हाय." तिने आपल्या डब्याच्या पिशवीतली बाटली काढून त्यांना दिली.

वीरण्णा बाटलीकडे बघत राहिले. चार दिवसांत पहिल्यांदाच ते पुरतं मिनिटभर गप्प बसले. सिंधुला वाटलं, औषध लागू पडलं.

आता ती व्हरांड्यातून धावत निघाली, मागे दोरीसकट रामकिशन. डॉक्टरांच्या खोलीचं दार उघडं होतं. डॉक्टरांच्या खुर्चीत, डॉक्टरांच्या टेबलावर कोपरं टेकून, डॉक्टरांच्या फोनवर वीरण्णा बोलत होते.

"हाव, म्याच. वीरण्णा. दवाखान्यातूनच बोलायलोय. मानसं पान्यावाचून पडलीत. तुजी गाडी लाव. हां, भरून." त्यांनी फोन ठेवला आणि प्रसन्न चेहऱ्याने वर पाहिलं. "अक्का, झालं तुजं काम."

"कुणाकुणाला फोन केला, अण्णा?"

"मोजले न्हाईत."

एवढ्यात डॉक्टर आले. आपल्या खुर्चीतला पेशंट पाहून ते दारातच थबकले. सिंधुने काय घडलं ते सांगितलं, तसे ते कपाळाला आठ्या घालून हसले. "येड्याच्या फोनवर कोण टँकर देतं? त्याला खाटेवर ने. ही भानगड नंबर एक, मी लिहून ठेवतो."

साडेदहाला पहिला टँकर आला.

डॉक्टर स्वतः फाटकाशी गेले. ड्रायव्हर म्हणाला, "वीरण्णा शेटकारांनी सांगितलंय. मालकाचा सगळा माल त्यांच्याच आडतीवर असतो. कुठं सोडू?" डॉक्टरांचा चेहरा उजळला. हौद भरला, छतावरची टाकी भरली. वॉर्डातल्या बायकांनी चार दिवसांनी पोरांची तोंडं धुतली. डॉक्टर हात मागे बांधून म्हणाले, "सिंधु, पेशंटचा फायदा झाला तर आपण भानगड म्हणायचं नाही."

अकराला दुसरा टँकर आला. त्यातलं पाणी बादल्या, घंगाळी आणि औषधांचे रिकामे डबे यांत भरलं. पावणेबाराला तिसरा आणि चौथा एकदमच आले आणि फाटकात एकमेकांना अडले. मग एक ट्रक आला, त्यात नव्वद रांजण. पाणी ठेवायचं कशात, याचाही विचार वीरण्णांनी केला होता. त्यामागे लग्नातला आचारी दोन कढया आणि चार बाया घेऊन उतरला आणि "वऱ्हाड किती माणसाचं हाय?" असं विचारू लागला. बारा वाजेपर्यंत औसा रोडवर नऊ टँकर उभे होते, आणि नऊ टँकर एका जागी उभे आहेत ही बातमी त्या उन्हाळ्यात गावभर पसरायला जेवढा वेळ लागायचा तेवढाच लागला. घागरी, हंडे, पत्र्याचे डबे घेऊन माणसं धावत सुटली.

डॉक्टरांनी फाटकावर उभं राहून ओरडून पाहिलं. "हे पाणी दवाखान्याचं आहे." त्यावर गर्दी आणखी आत सरकली. मग ते वळले. "रामकिशन, कुठाय तो? बांधा त्याला."

"सायब, त्यो बगा." रामकिशनने बोट दाखवलं.

वीरण्णा सगळ्यांत पुढच्या टँकरच्या टपावर उभे होते. दोन्ही हात वर करून ते सांगत होते, "या, सगळे या, कुनी मागं राहू नका." लोक त्यांचं ऐकत होते, हीच अडचण होती. खाली दोन बायका टँकरच्या चाकाशी दाबल्या गेल्या होत्या, एकीच्या कडेवर तान्हं होतं. मागून रेटा वाढत होता.

"मी शिडीवरून दोघातिघांना चढवतो आणि त्याला धरतो," डॉक्टर म्हणाले.

"तसं केलं तर ते उडी टाकतील, साहेब. मला जाऊ द्या."

सिंधुने पदर खोचला आणि पांढऱ्या साडीत टँकरची शिडी चढली. टप उन्हाने तापला होता, हात भाजत होते. ती वरपर्यंत गेली नाही. वीरण्णांच्या पायापासून हातभर अंतरावर शिडीच्या शेवटच्या पायरीवर थांबली.

"अण्णा, मी सिंधु."

"अक्का, बग. बग किती मानसं आली."

"बघितली. तुम्ही बोलावलं म्हणून आली." ती थांबली. खालचा गोंगाट थोडा ओसरू दिला. "अण्णा, मला भ्या वाटायलंय. खाली बाया चेंगरायल्यात. त्या चाकाजवळ बघा, कडेवर लेकरू हाय."

वीरण्णांनी वाकून पाहिलं. हात खाली आले. चेहऱ्यावरचं हसू जागच्या जागी विरलं, आणि डोळे भरून आले. "म्या केलं का हे?"

इथे हो म्हटलं तर माणूस कोसळेल आणि नाही म्हटलं तर खोटं होईल, हे सिंधुला कळत होतं. ती म्हणाली, "पाणी तुम्ही आणलं. आता रांग लावायची राहिली. गंजात गाड्यांची रांग तुम्ही लावता की न्हाई? हितं कोण लावायचं, तुम्ही का मी?"

"तुला न्हाई जमायचं, अक्का."

"मग खाली या. वरून रांग लागत न्हाई."

वीरण्णांनी क्षणभर विचार केला, मग पाठ करून सावकाश शिडी उतरू लागले. प्रत्येक पायरीला सिंधु एकेक पायरी खाली सरकत होती. ते खाली टेकले, तसे डॉक्टर पुढे झाले. सिंधुने मान हलवून त्यांना थांबवलं. डॉक्टर थांबले, आणि दवाखान्यात रुजू झाल्यापासून पहिल्यांदाच आपण नर्सने मान हलवली म्हणून थांबलो ही गोष्ट त्यांच्या ध्यानात यायला जरा वेळ लागला.

"दोरी हाय का कुनाकडं?" वीरण्णांनी विचारलं.

रामकिशनने खांद्यावरची दोरी काढून दिली. वीरण्णांनी तिचं एक टोक रामकिशनच्याच हातात दिलं आणि दुसरं डॉक्टरांच्या. "तुमी उंच हाव. फाटकाजवळ हुबं राहा. दोरीच्या ह्या अंगाला बाया, त्या अंगाला गडी. लेकुरवाळ्या पुढं." डॉक्टर कदम एम. एस. दोरीचं टोक धरून अर्धा तास उन्हात उभे राहिले. गंजात पन्नास बैलगाड्या वळणाला लावणाऱ्या माणसाला घागरींची रांग म्हणजे काही विशेष नव्हतं. एकाही माणसाला खरचटलं नाही. आचाऱ्यानेही हात हलवत परत जायला नकार दिला आणि मोठ्या कढईत पिठलं टाकलं.

सिंधु वीरण्णांच्या शेजारून चालत होती. त्यांचा श्वास चढला, शब्द एकमेकांवर पडायला लागले, तशी ती म्हणाली, "बास, अण्णा. आता गोळी."

"अजून दोन टँकर हायेत."

"ते रामकिशनभाऊ बघतील. तुमची जागा आता आत हाय. गोळी खाटेवर घेता का व्हरांड्यात?"

"व्हरांड्यात," वीरण्णा म्हणाले. गोळीवर ते काठोकाठ भरलेले दोन पेले पाणी प्याले आणि खाटेवर जाऊन आडवे झाले. मग ते सलग पाच तास झोपले. जगदेवीबाई पायथ्याशी बसून भावाच्या छातीचं वरखाली होणं बघत राहिल्या. चौदा दिवसांनी त्यांनी ते पाहिलं होतं.

त्या संध्याकाळी सिंधुला डॉक्टरांचं बोलावणं आलं. लेखी उत्तर काय द्यायचं याची जुळवाजुळव करतच ती गेली. डॉक्टरांच्या हाताला दोरीचे वळ उठले होते. त्यांनी वीरण्णांचा केसपेपर तिच्यापुढे सरकवला. त्यावर त्यांच्या वाकड्या अक्षरात लिहिलं होतं, 'पेशंटला बांधण्याची गरज नाही. सिस्टर सोनकांबळे सांगतील तसे करावे.' सिंधुने ते दोनदा वाचलं. मुदखेडजवळच्या एका खेड्यात आपली आई दुसऱ्याच्या शेतात खुरपत असते, आणि हा कागद तिला वाचून दाखवता आला असता तर, असं तिच्या मनात आलं. तोंडाने ती फक्त "बरं साहेब" म्हणाली.

बावीस दिवसांनी वीरण्णांना घरी सोडायचं ठरलं. ते खाटेच्या कडेवर बसले होते. सदऱ्याची गुंडी गळ्यापर्यंत लावलेली, नजर फरशीवर. जगदेवीबाई लुगड्याचं गाठोडं बांधत होत्या. वीरण्णा आता तिला अक्का म्हणत नव्हते.

"सिस्टरबाई," ते इतकं हळू म्हणाले की तिला वाकावं लागलं, "लई तरास दिला म्हनं म्या."

"दिलात थोडा. लोकांना पाणी बी दिलं."

"मला बांधलं व्हतं का?"

"न्हाई."

"एकदा बी न्हाई?"

"एकदा बी न्हाई, अण्णा."

वीरण्णांनी मान हलवली. बराच वेळ हलवत राहिले. मग त्यांची पाठ जरा सरळ झाली.

तेवढ्यात डॉक्टर कदम लगबगीने वॉर्डात आले. पाच दिवस टँकर आला नव्हता आणि ऑपरेशनं खोळंबली होती. आजवर डॉक्टरांनी पेशंटपुढे हात जोडलेले कुणी पाहिले नव्हते.

"वीरण्णाशेठ, जायच्या आधी एक विनंती होती. माझ्या खोलीत चला. खुर्चीत बसा. फोन तिथंच आहे. दोन टँकर पुरे, जास्त नको."

वीरण्णांचा चेहरा उतरला. कपाळावर घाम आला. "म्या? न्हाई साहेब. मला फोनवर बोलायला जमत न्हाई. शब्दच फुटत न्हाई."

"अहो, पण त्या दिवशी तर..."

"साहेब, त्याला नका गळ घालू," जगदेवीबाई म्हणाल्या. "माजा भाऊ जन्माचा अबोल. पोरगी बघायला गेलो तवा बी नुसती मान हलवली. दुकानात फोन वाजला की हा मागच्या दारानं भाईर जातो."

डॉक्टरांनी हताश होऊन सिंधुकडे पाहिलं. "म्हणजे हे पूर्ण बरे झाले?"

"हाव साहेब," सिंधु म्हणाली. आवाजातला अभिमान तिला लपवता आला नाही, आणि तिने लपवलाही नाही. "पूर्ण."

पेशंट बरा झाल्याचं ऐकून इतका खट्टू झालेला डॉक्टर तिने आजवर पाहिला नव्हता. तिने डिस्चार्जचा कागद पुढे धरला आणि पेन उघडून त्यांच्या हातात दिलं.

"इथं सही करा, साहेब."